दोन दप्तरे : म्हैसूर राज्यातील द्विभाषिक हिशेब आणि लाचखोरीचा प्रतिबंध

बेंगळुरूच्या जुन्या किल्ल्याला लागून १८९२ साली सरळ रस्त्यांची एक नवी वसाहत आखण्यात आली आणि तिला म्हैसूरचे तत्कालीन महाराज चामराजेंद्र वडेयर यांचे नाव देण्यात आले. साहित्याच्या अभ्यासकाला चामराजपेट परिचित असते ते १९१५ साली स्थापन झालेल्या कन्नड साहित्य परिषदेचे ठिकाण म्हणून. परंतु याच चामराजपेटमध्ये, आल्बर्ट व्हिक्टर रस्त्यावर, वसाहतीहून शंभर वर्षांनी जुनी अशी एक वास्तू उभी आहे. हैदर अलीने १७८१ मध्ये आरंभलेला आणि टिपू सुलतानाने १७९१ मध्ये पूर्ण केलेला हा लाकडी खांबांचा महाल १८३१ ते १८६८ या काळात म्हैसूरच्या ब्रिटिश कमिशनचे मुख्य कार्यालय होता. प्रवाशांना तो टिपूचा उन्हाळी महाल म्हणून दाखविला जातो. तेथे सदतीस वर्षे कारकुनांची वर्दळ होती, याचा सहसा उल्लेख होत नाही. या कचेरीच्या कारभारात कन्नडच्या बरोबरीने मराठी चालत असे. मराठीला ते स्थान लाभण्यामागे तिच्या वाङ्मयाविषयीचे प्रेम नव्हते. सरकारी पैसा कारकुनाच्या हातून निसटू नये, यासाठी एकच हिशेब दोन भाषांत ठेवण्याची जी जुनी पद्धत म्हैसूरमध्ये होती, तिचा मराठी हा एक भाग होता. लाचखोरीच्या प्रतिबंधाचे साधन म्हणून भाषेचा असा वापर भारतीय राज्यकारभाराच्या इतिहासात विशेष लक्ष देण्याजोगा आहे. आणि त्याचे अपयश त्याहूनही अधिक.

मराठी येथे आली ती शहाजीराजांच्या काळात. १६३८ साली विजापूरच्या फौजांनी बेंगळूर जिंकल्यावर ते शहाजीराजांच्या जहागिरीत आले. पुढे एकोजीकडे गेले. आणि १६८७ मध्ये मोगलांनी ते घेऊन तीन लाखांना म्हैसूरच्या चिक्कदेवराज वडेयरला दिले. अर्धशतकाच्या या अवधीत बेंगळूर, कोलार या भागांत देशस्थ कारकुनांची घराणी स्थिरावली आणि महसुली लेखनाची मराठी वळणे त्यांच्याबरोबर रुजली. राज्य गेले तरी दप्तर राहिले, असे याबाबत म्हणता येईल. चिक्कदेवराजाने राज्यकारभाराची अठरा खात्यांत विभागणी केली असे परंपरा सांगते. कर्नल विल्क्सने या खात्यांचे जे वर्णन दिले आहे, त्यात टपाल आणि हेरगिरी एकाच ठिकाणी सांभाळणारी एक चावडी आढळते. बातमी नेणाराच बातमी काढणारा, ही रचना अधिकाऱ्यांवर नजर ठेवण्यासाठीच होती. या अठरा खात्यांची स्मृती बेंगळूरच्या ‘अट्टार कचेरी’ या नावात टिकली आहे. कन्नडमध्ये अठराला ‘हदिनेंटु’ म्हणतात. कचेरीच्या नावातील संख्या मात्र उत्तरेकडची आहे. मराठी वाचकाला तिच्यामागे ‘अठरा कारखाने’ ऐकू आल्यावाचून राहत नाही.

हैदरच्या काळात हिशेब कन्नड आणि मराठी अशा दोन्ही भाषांत ठेवले जात. टिपूने फारसीला प्रथम स्थान दिले, तरी खालच्या स्तरावरील जुने लेखन थांबले नाही. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यानंतर राज्य वडेयर घराण्याकडे परत आले आणि पूर्णय्या दिवाण झाले. टिपूच्या महसुलाची सूत्रे सांभाळलेला हा देशस्थ माध्व कारभारी नव्या राज्यातही बारा वर्षे सर्वाधिकारी राहिला. त्याच्या कारभाराविषयी विल्क्सने १८०५ साली लिहिलेल्या अहवालात खजिना, महसूल आणि कंदाचार म्हणजे शिबंदी अशी मुख्य खाती दिसतात आणि हिशेबाची कन्नड व मराठी अशी दोन्ही दप्तरे चालत असल्याचे आढळते.

या व्यवस्थेचे तर्कशास्त्र साधे आहे. एकाच रकमेची नोंद दोन लेखक दोन भाषांत व दोन लिप्यांत करतात. एकाने खाडाखोड केली तर दुसऱ्याचे दप्तर त्याला उघडे पाडते. लबाडी करावयाची तर दोघांनी संगनमत केले पाहिजे, आणि प्रत्येक वाढीव भागीदाराबरोबर लबाडीची किंमत वाढते. लेखनसाहित्यातील भेदही येथे विचारात घ्यावा लागतो. कन्नड मुलखातील जुने हिशेब ‘कडत’ नावाच्या साधनावर लिहीत. खळ आणि कोळशाची पूड लावून काळे केलेले कापडाचे लांब पट्टे घडी घालून पुस्तकासारखे ठेवीत व त्यांवर बलपाच्या, म्हणजे मऊ दगडाच्या, लेखणीने लिहीत. विल्क्सने या साधनाचे तपशीलवार वर्णन केले आहे. कडतावरील अक्षर वर्षानुवर्षे टिकते, पण पुसून त्या जागी नवे अक्षर लिहिताही येते. याउलट मोडी कागदावर शाईने, बोरू न उचलता लिहिली जाई. टिकाऊपण आणि दुरुस्तीची सोय कडतात एकत्र नांदत. अशा लेखनाला शाईच्या लेखनाचा शेजार असणे तपासणीच्या दृष्टीने किती उपयोगी, हे वेगळे सांगावयास नको.

पेशवाईतही हेच तत्त्व होते, मात्र तेथे विभागणी भाषांची नसून माणसांची होती. मामलेदाराच्या हाताखाली दिवाण, मुजुमदार, फडणीस, पोतनीस, चिटणीस असे दरकदार असत. त्यांची नेमणूक सरकारातून होई आणि मामलेदाराला त्यांना काढून टाकता येत नसे. प्रत्येकाची सही वा नोंद झाल्याखेरीज कागद पुरा होत नसे. ही साखळी कशी सैल झाली, याचे वर्णन एल्फिन्स्टनने पेशव्यांकडून घेतलेल्या मुलखाविषयीच्या १८१९ च्या अहवालात केले आहे, आणि ते वाङ्मयाच्या अभ्यासकासाठी एका शब्दाचे चरित्रच आहे. तो शब्द म्हणजे ‘अंतस्थ’. दरबारखर्च किंवा अंतस्थ हा आरंभी गुप्त खर्च होता. मंत्री आणि हिशेबतपासनीस यांना खूष ठेवण्यासाठी मामलेदार तो करीत. कालांतराने या रकमा ठरीव होऊन गेल्या. त्या हिशेबात रीतसर मांडल्या जाऊ लागल्या आणि इतर बाबींप्रमाणे तपासल्याही जाऊ लागल्या. तपासनीसाला द्यावयाची गुप्त रक्कम आता उघड झाली. मग त्याला खूष करण्यासाठी आणखी एक गुप्त रक्कम लागू लागली, आणि तिच्या वसुलीसाठी रयतेवर आणखी एक पट्टी बसली. अशा नाजूक बाबींची कोणी खोलात चौकशी करीत नसल्यामुळे मामलेदार वरिष्ठांच्या नावाने घेई त्याहून अधिक स्वतःसाठी ठेवी.

लाचेला हिशेबात जागा देणारी ही भाषा केवळ मराठीची नव्हे. दक्षिणेतील कचेऱ्यांत ‘मामूल’ या शब्दाचेही असेच झाले. नेहमीचे, रूढीने चालत आलेले, एवढाच त्याचा मूळ अर्थ. कन्नडमध्ये तो आजही लाचेचे सौम्य नाव आहे. ‘अंतस्थ’ आतून बाहेर आला, ‘मामूल’ बाहेरून आत गेला. दोघांची गाठ एकाच जागी पडली. ज्याला शिक्षा करावयाची त्या कृत्यालाच नित्याचे नाव मिळाले की कायद्याचे काम अवघड होते. त्या मानाने ‘लाच’ हा शब्द प्रामाणिक म्हणावा लागेल. मराठीतील ‘लाच’ आणि कन्नडमधील ‘लंच’ ही एकाच ‘लञ्चा’ची रूपे आहेत, आणि बाराव्या शतकातील वचनकर्त्री सत्यक्का हिने आपल्या वचनात लंचेसाठी हात पुढे न करण्याची प्रतिज्ञा केली आहे. नीतीच्या भाषेत शब्द एक, कचेरीच्या भाषेत दुसरे, असा हा भेद दोन्ही भाषांत समान आहे.

पूर्णय्यांनी १८११ मध्ये कारभार सोडला आणि तिसरे कृष्णराज वडेयर स्वतः राज्य पाहू लागले. दोन दप्तरांची पद्धत चालूच राहिली. तरीही १८३०-३१ मध्ये राज्याच्या वायव्येकडील नगर प्रांतात रयतेने बंड केले. बंडाच्या कारणांची चौकशी करण्यासाठी गव्हर्नर-जनरल बेंटिंकने जी समिती नेमली तिच्यात मेजर-जनरल हॉकर, कर्नल मॉरिसन, मॅक्लाऊड आणि लेफ्टनंट-कर्नल मार्क कबन हे चौघे होते. डिसेंबर १८३३ मध्ये सादर झालेल्या त्यांच्या अहवालातून कारभाराचे जे चित्र उभे राहते, त्यात दोन गोष्टी महत्त्वाच्या आहेत. पहिली म्हणजे ‘शर्ती’ची पद्धत. अमुक इतकी रक्कम सरकारात भरीन, कमी पडल्यास पदरची घालीन आणि अधिक आल्यास तीही सरकारला दाखवीन, अशी हमी अमलदार देई. कागदावर ही अट सरकारच्या हिताची दिसते. प्रत्यक्षात जो अधिक रकमेची हमी देईल त्याला अमल मिळू लागला, आणि तूट कधी पदरची घातली गेली नाही. ती रयतेकडूनच आली.

दुसरी गोष्ट नगरच्या फौजदारीची. धारवाड प्रांतातील अण्णिगेरीचे रामराव हे तेथील फौजदार होते, आणि त्यांच्या प्रभावाच्या दीर्घ काळात प्रांतातील महत्त्वाच्या जागा त्यांच्या नातलगांकडे व आश्रितांकडे गेल्या होत्या. द्विभाषिक हिशेबाचा दोष नेमका येथे उघडा पडतो. दोन भाषा म्हणजे दोन भिन्न हितसंबंध, असे ही व्यवस्था गृहीत धरून चालली होती. पण मराठी दप्तर लिहिणारा कारकून कन्नड जाणत होता. पिढ्यान् पिढ्या तो कन्नड मुलखातच राहत होता. दोन्ही दप्तरे एकाच गोतावळ्यात गेली की भाषांतर उरते, तपासणी उरत नाही. मराठी अभ्यासकाने या इतिहासाकडे आपल्या भाषेच्या विस्ताराची गौरवगाथा म्हणून पाहू नये, असे वाटण्याचे कारण हेच. नगरच्या शेतकऱ्याला मराठी ही परक्या राजाची भाषा वाटली नसेल. ती वसूल करणाऱ्याची भाषा मात्र निश्चित वाटली असेल. आणि तपासणीची सारी यंत्रणा सरकारला फसवणुकीपासून वाचविण्यासाठी उभारलेली होती. अमलदाराने रयतेकडून पट्टीबाहेर घेतलेला रुपया मुळात कोणत्याच दप्तरात चढत नसे. दोन्ही हिशेब तंतोतंत जुळत असत आणि तरीही गाव नागवले जाई.

१८३१ च्या ऑक्टोबरात ईस्ट इंडिया कंपनीने राज्याचा कारभार हाती घेतला. वरिष्ठ कमिशनर म्हणून आलेला कर्नल जॉन ब्रिग्ज हा फरिश्ताच्या इतिहासाचा भाषांतरकार. त्यापूर्वी खानदेशात आणि साताऱ्याच्या रेसिडेंटपदी राहिल्यामुळे मराठी कागदपत्रांचे जग त्याला अपरिचित नव्हते. तो फार काळ टिकला नाही. १८३४ पासून १८६१ पर्यंत कारभार एकट्या कबनच्या हाती राहिला. त्याने राज्याचे चार विभाग करून त्यांवर युरोपीय अधीक्षक नेमले, दिवाणपद रद्द केले, शर्ती बंद केली. मात्र कचेऱ्यांतील कन्नड-मराठी लेखन, अमलदार, टपालाचे ‘अंचे’ खाते ही जुनी चौकट तशीच ठेवली. त्याच्या धोरणातील सर्वांत परिणामकारक भाग हेरगिरीत वा शिक्षेत शोधण्यापेक्षा रद्द केलेल्या करांत शोधावा. कबनच्या काळात तब्बल ७६९ किरकोळ कर उठविण्यात आले. लग्नावर, मूल जन्मल्यावर, घराच्या जागेवर बसविलेल्या अशा करांचे उत्पन्न सरकारला क्षुल्लक होते; पण प्रत्येक कर म्हणजे दारात उभे राहण्याचा एक हक्क होता. ७६९ कर गेले म्हणजे हात पुढे करण्याच्या ७६९ संधी गेल्या. लाच घेणाऱ्याचा शोध घेण्यापेक्षा लाचेचा प्रसंगच कमी करावा, हा विचार त्यात स्पष्ट आहे.

कबननंतर आलेल्या बोरिंगने १८६३ मध्ये जमिनीची मोजणी आणि जमाबंदी सुरू केली ती मुंबई इलाख्याच्या पद्धतीने. या पद्धतीचा उगम पुणे जिल्ह्यातील इंदापूर तालुक्यात आहे, आणि तोही एका भ्रष्टाचारातून. १८२० च्या दशकाच्या अखेरीस प्रिंगलने दख्खनची जी जमाबंदी केली ती सिद्धांताच्या दृष्टीने नेटकी होती. परंतु मोजणी करणाऱ्या हाताखालच्या लोकांनी पैसे घेऊन प्रतवाऱ्या फिरविल्या आणि सारा डोलारा कोसळला. १८३५ पासून गोल्डस्मिड व विंगेट यांनी इंदापुरात नव्याने आरंभ केला. शेताला क्रमांक, क्रमांकाला हद्दीचे दगड, मातीच्या प्रती ठरीव आणि सारा तीस वर्षांसाठी निश्चित, अशी ही रचना. कारकुनाच्या मर्जीचे क्षेत्र आकुंचित करणे हा तिचा गाभा. म्हैसूरमध्ये ही पद्धत आली तेव्हा मराठीचे भवितव्य मोठे विरोधाभासी ठरले. भाषा म्हणून तिचा सरकारी उपयोग मावळला; पण मोजणीबरोबर तिचे शब्द कन्नडमध्ये कायमचे शिरले. कर्नाटकातील जमिनीच्या कागदांत ‘आकारबंद’ आहे, ‘खराब’ आहे, ‘फोड’चे ‘पोडी’ झाले आहे आणि ‘पाहणी’चे ‘पहणि’. १८६८ मध्ये कार्यालये टिपूच्या महालातून नव्या लाल इमारतीत, अट्टार कचेरीत, हलली.

स्वातंत्र्योत्तर काळातील उपाय सर्वज्ञात आहेत आणि त्यांचा विस्तार येथे आवश्यक नाही. १९४७ चा भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा, संथानम समितीच्या शिफारशीवरून १९६४ मध्ये आलेला केंद्रीय दक्षता आयोग, १९७१ चा महाराष्ट्राचा आणि १९८४ चा कर्नाटकाचा लोकायुक्त कायदा, नवा १९८८ चा कायदा व त्यातील २०१८ ची दुरुस्ती. कर्नाटकाच्या लोकायुक्तांनी २०११ मध्ये बेकायदा खाणकामाविषयी दिलेल्या अहवालानंतर मुख्यमंत्र्यांना पद सोडावे लागले, इतका त्या संस्थेचा प्रभाव होता. २०१६ मध्ये राज्य सरकारने लाचलुचपत प्रतिबंधक ब्युरो नावाची वेगळी यंत्रणा उभी करून लोकायुक्तांच्या पोलिसांचे अधिकार तिच्याकडे दिले; ऑगस्ट २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने ती रद्द केली. हे न्यायालय बसते ते अट्टार कचेरीतच. तपासणाऱ्याला कोण तपासणार, हा १८१९ चा प्रश्न दोनशे वर्षांनी त्याच भिंतींच्या आत पुन्हा उभा राहिला.

दोन दप्तरांच्या इतिहासाशी अधिक जवळचे नाते आहे ते ‘भूमी’ प्रकल्पाचे. गावचा लेखापाल हस्तलिखित उतारा स्वतःजवळ ठेवी आणि तो मिळविण्यासाठी शेतकऱ्याला त्याची मनधरणी करावी लागे. पैसेही द्यावे लागत. शतकाच्या वळणावर कर्नाटकाने सुमारे दोन कोटी उतारे संगणकावर आणले. तालुक्याच्या केंद्रात पंधरा रुपये भरून कोणालाही उतारा मिळू लागला. नोंदीत फेरफार करणाऱ्या अधिकाऱ्याला बोटाचा ठसा द्यावा लागे आणि अर्ज आलेल्या क्रमानेच निकालात काढण्याचे बंधन होते. पूर्वी जे काम दुसऱ्या भाषेतील लेखकाकडे होते ते आता ठशाकडे आले. केंद्रावरील किरकोळ लाच कमी झाल्याची नोंद अभ्यासकांनी केली. मात्र २००७ मध्ये सॉलोमन बेंजामिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या अभ्यासात वेगळेच चित्र पुढे आले: व्यवहार गावातून उठून तालुक्याला गेला, आणि बेंगळूरभोवतीच्या जमिनींची माहिती एकत्र मिळाल्याचा लाभ बड्या खरेदीदारांना झाला. नगरच्या अहवालाशी याची तुलना फार ताणता येणार नाही. पण नोंद अचूक असणे आणि ती ज्याच्याविषयी आहे त्याच्या बाजूची असणे, या दोन गोष्टी दोन्ही ठिकाणी वेगळ्या निघाल्या.

उतारा छापला जातो तो कन्नडमध्ये. जुन्या म्हैसूरच्या प्रजेच्या दृष्टीने यात गैर काही नाही. तिच्या भाषेला दप्तरात पूर्ण जागा मिळण्यास दीडशे वर्षे लागली होती. परंतु १९५६ च्या पुनर्रचनेत मुंबई राज्यातून आलेल्या बेळगाव भागात मराठी शेतकरी मोठ्या संख्येने आहे. जेथे अल्पसंख्य भाषिकांचे प्रमाण पंधरा टक्के वा अधिक आहे, तेथे महत्त्वाच्या सरकारी सूचना व नियम त्यांच्या भाषेतही द्यावेत, हे भाषिक अल्पसंख्याकांसाठीच्या संरक्षणांत मान्य झालेले तत्त्व आहे. मराठीत कागदपत्रे मिळावीत ही मागणी महाराष्ट्र एकीकरण समिती अनेक वर्षे करीत आली असून तिच्याकडे बहुधा सीमावादाचे एक अंग म्हणून पाहिले जाते. तिची दुसरी बाजू हिशेबाची आहे. ज्या भाषेत टिपूच्या महालातील कारकून एकेकाळी सबंध राज्याचा जमाखर्च लिहीत होते, ती भाषा बोलणाऱ्या बेळगावच्या ज्या शेतकऱ्याला कन्नड वाचता येत नाही, त्याला स्वतःच्या शेताचा उतारा वाचून घेण्यासाठी कोणाच्या तरी दारात जावे लागते. नगरच्या रयतेलाही मोडी दप्तर वाचता येत नव्हते. उतारा पंधरा रुपयांत मिळाला, तरी तो वाचून दाखविणाऱ्याचा दर कोणत्याही फलकावर लिहिलेला नसतो.